पानाची उलटी बाजू

"काका, हा कापूस चालतोय."

खालच्या मजल्यावरच्या गोळीबाई दारात उभ्या होत्या. हातात क्रोटनची कुंडी, आणि ती त्यांनी अंगापासून चांगली लांब धरलेली. भिंगकाकांनी मान थोडी तिरकी केली, गोळीबाईंच्या कानाकडे पाहिलं आणि म्हणाले, "उशीतला उडाला असेल."

"उशीतल्या कापसाला पाय नसतात. हा बघा, हा एक निघाला दांडीवरून. कसा निवांत चाललाय, बागेत फिरायला आल्यासारखा."

"बघू."

काकांनी बघितलं नाही, बोट लावलं. पान आणि दांडी जिथं मिळतात त्या खाचेत काहीतरी मऊ होतं. बोटाखाली ते फुटलं आणि ओलं झालं. पानावरून अंगठा फिरवला तर पान चिकट लागलं, साखरेचं पाणी सांडून वाळल्यासारखं. त्यांनी बोट सदऱ्याला पुसलं.

"पिठ्या ढेकूण म्हणतात याला," गोळीबाई म्हणाल्या. "आमच्या दुकानात एक बागकामवाला येतो, त्याला पान नेऊन दाखवलं. त्यानं हातातसुद्धा घेतलं नाही. म्हणाला, रोप कुठून आणलंत? मी म्हटलं, वरच्या काकांनी दिलं. तर म्हणतो, मग आधी काकांकडे जा."

"माझ्या झाडांना कीड नाही. रोज सकाळी एकेक पान पुसतो मी."

"कशानं पुसता?"

"फडक्यानं."

"सगळी एकाच फडक्यानं?"

गोळीबाईंनी कुंडी जिन्यातच ठेवली आणि त्या सरळ आत शिरल्या. आत या असं कुणी म्हणण्याची वाट बघणाऱ्यांतल्या त्या नव्हत्या.

गोळीबाई हे नाव काकांनीच पाडलं होतं. बाई औषधांच्या दुकानात गल्ल्यामागे उभ्या राहायच्या, आणि त्यांचं बोलणंही असं, की सुटलं की लागलंच. भिंगकाका हे नाव मात्र कापड कारखान्यातलं. तिथल्या तपासणी खात्यात काकांची सगळी नोकरी गेली. खालून दिवा लावलेल्या काचेवरून कापड सरकत जायचं आणि काका त्यावर वाकून उभे असायचे. तुटका धागा, गाठ, तेलाचा डाग, काही सुटायचं नाही. खात्यातल्या बायका म्हणायच्या, यांना डोळे नाहीत, दोन भिंगं बसवलीत. कापड सरळ बघून झालं की काका ते उलटून बघत. खोट असली तर उलट्या बाजूला आधी दिसते, हे ते नव्या माणसाला पहिल्याच दिवशी सांगत. निवृत्त झाल्यावर नाव त्यांच्या मागोमाग इमारतीत आलं आणि मुरलं. खरं नाव टपालवाल्यालाही आठवत नसेल.

गोळीबाई खिडकीशी गेल्या आणि तिथंच थबकल्या. मनीप्लांटच्या पेरापेरांत पांढरं साचलेलं होतं. रबराच्या झाडाची पानं वरून चकचकीत पुसलेली, पण खालची बाजू पिठानं भरलेली, आणि देठाजवळ काजळी धरल्यासारखा काळा थर. कुंडीवरून मुंग्यांची रांग लागली होती. कोरफडीच्या बेचक्यांतसुद्धा तेच. कुणीही खोलीत पाऊल टाकलं असतं तर त्याला पहिलं तेच दिसलं असतं. गोळीबाईंच्या तोंडात एक वाक्य तयार होतं, ते त्यांनी गिळलं. त्यांना आयुष्यात वाक्य गिळायची वेळ फार कमी आली होती.

"काका," त्या जरा वेळानं म्हणाल्या, "या रबराच्या झाडावर काय दिसतंय तुम्हाला?"

"पानं दिसतायत."

"पानांवर?"

काकांनी पुन्हा मान तिरकी केली. झाडाकडे नाही, झाडाच्या शेजारच्या भिंतीकडे बघितलं. मग हात पुढे केला, आणि तो पानाच्या अलीकडेच थांबला, हवेत.

"तुम्हाला दिसत नाही," गोळीबाई म्हणाल्या.

"दिसतं."

"काका."

"दिसतं म्हणतोय ना. मधलं तेवढं दिसत नाही."

मग ते खुर्चीवर बसले आणि एकदाचं सगळं सांगून टाकलं. डोळ्यांच्या डॉक्टरनं सांगितलं होतं की पडदा मधोमध झिजलाय, कडा शाबूत आहेत. चष्म्यानं काही होणार नाही. म्हणजे दार दिसतं, पण दारातल्या माणसाचं तोंड पुसलेलं. तोंड बघायचं तर कानाकडे बघावं लागतं, मग ते कडेला कुठंतरी थोडंसं येतं. लोकांना वाटतं म्हाताऱ्याला शिंगं फुटली, नजरेला नजर देत नाही. वाटू दे. घरात काही अडत नाही. कुठलं बटण कुठं, कपाची कड कुठं, जिन्याची कुठली पायरी फुटकी, सगळं हातापायांना ठाऊक. फक्त एखादी गोष्ट जागेवरून हलली की संपलं.

"लेकीला माहितीय?"

"नाही. आणि तुम्ही सांगायचं नाही."

लेक परगावी होती. मागे काका चुकीच्या बसमध्ये चढले, पाटी वाचता आली नाही म्हणून. शेवटच्या थांब्यावर, बसगाड्या उभ्या करतात तिथं, एकटेच बसून राहिले होते. तिथल्या कुणीतरी त्यांच्या फोनवरून लेकीला कळवलं. डुलकी लागली होती, असं काकांनी सांगून वेळ मारून नेली. पण लेक काही दूधखुळी नव्हती. या रविवारी मी येते, म्हणाली. स्वतःच्या डोळ्यांनी बघते, आणि मग काय ते ठरवू. काय ठरवायचं ते दोघांनाही ठाऊक होतं. तिच्याकडे एक लहान खोली त्यांच्यासाठी रिकामी करून ठेवलेली होती.

"वाईट आहे का लेक?" गोळीबाईंनी विचारलं.

"वाईट असती तर सोपं होतं. जावईसुद्धा देवमाणूस आहे. दोघं दिवसभर कामावर. उंच इमारत, खिडकी उघडत नाही. मी तिथं कुणीतरी आणून ठेवलेल्या बोचक्यासारखा बसणार. लिफ्टचं बटण कुठलं ते विचारणार, संडास कुठं ते विचारणार. आणि ती दोघं इतकी चांगली, की कधी वैतागणार पण नाहीत." काकांचा आवाज चिरकला. "मला इथून जायचं नाही, गोळीबाई. दुसरं काही मागणं नाही माझं."

गोळीबाईंना रडक्या माणसांसमोर उभं राहता येत नसे. त्यांनी पदर खोचला. "मग लेकीच्या आधी ही पांढरी पलटण हलवायला पाहिजे. पोरीनं दारात पाय ठेवला की आधी हेच बघेल. आणि फडकं द्या इकडे ते."

फडकं त्यांनी दोन बोटांत धरून केराच्या डब्यात टाकलं. काकांना आवाजावरून कळलं. रोज सकाळी आंघोळीआधी, एकही दिवस न चुकवता, ते त्या फडक्यानं एका झाडावरचे जीव उचलून दुसऱ्या झाडावर नेऊन बसवत होते. पान पुसलं की झाड निरोगी राहतं असं त्यांना वाटे. इमारतीत कुणी नवं राहायला आलं की एक फांदी कापून, रुजवून, भेट म्हणून नेऊन द्यायचाही त्यांचा नेम होता.

"म्हणजे सगळ्यांकडे गेलं असेल," ते म्हणाले.

"गेलं असेल कसलं, गेलंच."

"मग सांगायला पाहिजे."

"कुणाला?"

"ज्यांना दिलं त्यांना. खोट असलेला माल बाहेर गेला तर आम्ही मागे जाऊन सांगत होतो."

गोळीबाईंनी डोक्यावर हात मारून घेतला, पण गेल्या बरोबर. काका पुढे, हात कठड्याला, आणि त्या मागे. इमारतीतल्या विमावाल्यांनी दार अर्धंच उघडलं. त्यांचं रोप त्यांनी केव्हाच टाकून दिलं होतं आणि ते सांगताना ते असे अवघडले, की काकांनाच त्यांची समजूत काढावी लागली. वरच्या शिवणकामवालीनं रोप खिडकीतून आणून दाखवलं. तिला वाटत होतं हे झाडच असं पांढऱ्या लवेचं असतं. ती कौतुकानं त्याला रोज पाणी घालत होती. "फेकू नका ना काका," ती म्हणाली, "माझ्याकडे हे एवढंच हिरवं आहे." काका तिला म्हणाले, "माझी चूक आहे, बाई. धुऊन घ्या, नाही सुधारलं तर फेका. मी दुसरं देणार नाही, दुसरंही तसंच निघेल." परत येताना ते जिन्यात एकदा थांबले. गोळीबाईंना वाटलं दम लागला. दम लागला नव्हता.

त्या आठवड्यात गोळीबाई दुकानातून सुटल्या की सरळ वर येत. येताना जखमेचं स्पिरिट आणि कापूस आणत. बागकामवाल्याकडून त्यांनी सगळं नीट विचारून घेतलं होतं आणि आता त्या ते काकांना असं सांगत, की जणू त्यांनीच शोधून काढलंय. आधी झाडं एकमेकांपासून लांब करायची. वाचण्यापलीकडे गेलेलं झाड कुंडीतल्या मातीसकट पिशवीत बांधून टाकायचं. बाकीच्यांना न्हाणीत नेऊन पाण्याच्या धारेखाली धरायचं, उलट्या बाजूनं. मग कापसाचा बोळा स्पिरिटमध्ये बुडवून एकेका जिवाला टेकवायचा. त्याचं पीठ विरघळतं आणि आतला तांबूस किडा दिसतो. नंतर साबणाच्या पाण्याचा फवारा. आणि हे सगळं पुन्हा पुन्हा, कारण अंडी राहतात.

"पिठ्या मऊ असतो," त्या सांगत. "बोटानं फुटतो. मावा असेल तर कोवळ्या शेंड्यावर हिरवी हिरवी गर्दी असते. कोळी असेल तर बारीक जाळं लागतं हाताला, आणि पान खरखरीत. आणि एक असते खवले कीड. ती चालत नाही, बोलत नाही, फांदीला चिकटून बसते. टणक, मसुरीच्या डाळीएवढी, तपकिरी. ती स्पिरिटला दाद देत नाही, नखानं खरवडून काढायची."

"मऊ ते पिठ्या, टणक ते खवले," काका म्हणाले. "आणि दोन्हीकडे चिकटा."

"शाबास."

काकांचा हात चालायला लागला. ज्या बोटांनी कापडातली गाठ ओळखली होती ती बोटं आता पेराच्या खाचा शोधत, देठाखाली शिरत, पानाच्या मागच्या शिरेवरून चालत. गोळीबाई डोळ्यांनी बघून पुढे सरकत आणि काका मागून बोटांनी खात्री करत. एकदा काकांना कोरफडीच्या अगदी बुडाशी एक सापडला. गोळीबाई म्हणाल्या, तो मी तुमच्यासाठीच ठेवला होता. काका हसले. त्या खोलीत बऱ्याच दिवसांनी कुणी हसलं होतं, आणि खोलीला स्पिरिटचा वास येत होता. दवाखान्यातून आत्ताच कुणी बरं होऊन घरी आलंय, असं वाटत होतं.

रबराचं झाड वाचलं नाही. ते पिशवीत बांधून गोळीबाईंनी खाली नेलं. मनीप्लांट बोडका झाला, पण स्वच्छ झाला. पडद्याच्या दांडीवरून फिरवलेला होया तेवढा राहिला होता. मेणासारख्या जाड पानांची ती वेल कारखान्यातल्या बायकांनी काकांना निरोपाच्या दिवशी दिली होती. आता वाढून ती पार दुसऱ्या भिंतीपर्यंत गेली होती. उंचावर असल्यामुळे तिला फडकं फारसं लागलं नव्हतं आणि गोळीबाईंनी स्टुलावर चढून, बघून सांगितलं होतं की तिच्यावर काही नाही. शेंड्यांकडे अंधार होता, तिथपर्यंत त्यांचीही नजर गेली नाही.

रविवारी सकाळी काका एकटेच होते. लेकीची गाडी दुपारी पोचणार होती. दाढी झाली, ओटा पुसून झाला, आणि तरीही वेळ उरला. मग त्यांनी स्टूल ओढलं, भिंतीला हात धरून वर चढले आणि होयाच्या वेलीवरून बोटं फिरवायला सुरुवात केली. कुणी सांगितलं नव्हतं. पण पाठवण्याआधी कापडाचं ठाण शेवटपर्यंत उलगडून बघायचं, ही सवय जुनी होती.

शेवटच्या टोकाजवळ बोटं अडली. एका आखूड दांडीच्या टोकाला बारीक बारीक दाणे होते. टणक, एकाला एक चिकटून, अख्खा पुंजका. थोडं पुढे दुसरा. गोळीबाईंच्या नजरेतून सुटले! आणि आणखी तासादोनतासांनी लेक खाली उभी राहून वर बघणार होती. ते नखानं एकेक दाणा खुडायला लागले. घाई केली नाही. खुडला की बोटाला चिकट लागायचं, म्हणजे खूण पटली. सगळे दाणे त्यांनी डाव्या हातात जमवले, खाली उतरले आणि बशीत काढून ठेवले. बशी खिडकीच्या कट्ट्यावर, उजव्या कोपऱ्यात. मग हात धुतले. चिकटा काही केल्या जाईना, साबण दोनदा लावावा लागला.

गोळीबाई आल्या तेव्हा काकांचा चेहरा उजळला होता. "तुमचं काम मी तपासलं," ते म्हणाले. "तुम्ही नापास. वेलीवर खवले कीड होती, टोकाला. दोन पुंजके. बशीत काढून ठेवलीय, लेकीला दाखवणार आहे. तिला कळू दे बाप अजून काय काय करतो. थांबा, सदरा बदलून येतो."

ते आत गेले. गोळीबाई कट्ट्याशी आल्या आणि त्यांनी बशीत पाहिलं.

फिक्या गुलाबी रंगाचे, पाच कडांचे, इवलेसे दाणे. प्रत्येकाला केसाएवढा देठ. वर वेलीकडे पाहिलं तर दोन आखूड दांड्या टोकाला उघड्या पडलेल्या आणि त्यांच्यावर पांढऱ्या दुधाचे थेंब. होया खुडला की दूध गाळतो. इतक्या वर्षांत ही वेल एकदाही फुलली नव्हती. काकांनी कधी तक्रार केली नव्हती, फक्त कुणी विचारलं तर म्हणायचे, तिचं तिला कळतं.

आत काका गुणगुणत होते. खाली रस्त्यावर गाडीचं दार वाजलं आणि जिन्यात बायकी पावलं ऐकू आली. विचार करायला वेळ मिळाला असता तर त्यांनी कदाचित वेगळं काही केलं असतं. त्यांनी बशी उचलली, मोरीत रिकामी केली, खळखळून धुतली. ओली बशी हातात घेऊन त्या क्षणभर घुटमळल्या. वस्तू हलली की काकांचं संपतं, हे त्यांना आठवलं. त्यांनी ती जिथल्या तिथं, कट्ट्याच्या उजव्या कोपऱ्यात ठेवली. लेक आली की म्हातारा सगळं विसरेल, एवढीच त्यांना आशा होती.

लेक आत आली, बापाला मिठी मारली आणि पाठीवर हात तसाच ठेवून खोलीभर नजर फिरवली. ओटा लख्ख. कपडे घडी केलेले. झाडं कमी, पण हिरवी. "बाबा, तुम्ही तर मस्त आहात," ती म्हणाली. काकांनी चहा केला. कपाच्या आतून कडेला बोट धरून त्यांनी तो ओतला आणि एक थेंब बाहेर सांडला नाही. लेक बघत होती. तिच्या खांद्यांवरचा भार थोडा उतरल्यासारखा दिसला. गोळीबाई भिंतीला टेकून उभ्या होत्या. त्यांना बसवत नव्हतं.

"हे बघा बाबा," लेक म्हणाली, "मी भांडायला आले होते. खोटं कशाला बोलू. पण तुम्ही जर असे राहणार असाल, आणि या काकू आहेत खाली, तर मग..." ती थांबली आणि हसली. "मग राहा बाई इथंच. पण बसनं फिरायचं नाही."

"नाही फिरत," काका लगेच म्हणाले. "कबूल."

तिथं ते थांबले असते तर सगळं निभावलं असतं. पण आनंद झालेला माणूस थांबत नाही. ते उठले, कट्ट्याकडे गेले, उजव्या कोपऱ्यातली बशी अचूक उचलली आणि दोन्ही हातांनी लेकीपुढे धरली.

"हे बघ. म्हणतेस ना बाबांना जमत नाही. खवले कीड. स्टुलावर चढून एकेक काढलीय नखानं. गोळीबाईंच्या डोळ्यांना दिसली नाही, माझ्या हाताला सापडली. बघ किती आहेत."

लेकीनं बशीत पाहिलं. पांढऱ्या बशीच्या तळाशी पाण्याचे दोन थेंब होते. तिनं गोळीबाईंकडे पाहिलं. गोळीबाईंनी मान खाली घातली.

"हो," लेक म्हणाली. "बापरे. किती आहेत."

काका बशी धरून उभेच राहिले. लेकीचा आवाज कुठंतरी घसरला होता. ती लहान असताना पाटीवर रेघोट्या ओढून आणायची, तेव्हा ते असेच बापरे म्हणायचे.

"कसल्या रंगाच्या आहेत गं?" त्यांनी विचारलं.

"पांढऱ्या."

"खवले कीड तपकिरी असते," काका म्हणाले.

त्यांनी बशीत बोट टेकवलं. बोट तळावरून सावकाश गोल फिरलं, एकदा, आणि पुन्हा एकदा. मग त्यांनी बशी खाली ठेवली. ती टेबलाच्या कडेवर बसली, लेकीनं ती हळूच आत सरकवली.

"गोळीबाई?"

गोळीबाई भिंतीपासून पुढे आल्या. "कळ्या होत्या, काका. वेलीला कळ्या आल्या होत्या. मी म्हटलं, कशाला उगीच... मी टाकल्या."

"सगळ्या खुडल्या मी?"

"हो."

काका खुर्चीवर बसले. लेक घाईघाईनं बोलायला लागली. "बाबा, अहो, कळ्याच ना त्या. झाडाचं काय एवढं. मीसुद्धा खुडल्या असत्या, मला काय कळतं त्यातलं. त्यावरून काही ठरत नाही." तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि आवाजात ते येऊ नये म्हणून तिची धडपड चालली होती. बापाला घेऊन जायला आलेली पोर आता त्याला इथंच ठेवायला भांडत होती.

"बाळ," काका म्हणाले, "तू बघायला आली होतीस ना? बघितलंस."

"बाबा..."

"असा माल मी पास केला नसता. तू पण करू नकोस. आज कळ्या होत्या. उद्या औषधाची बाटली असेल, गॅसचं बटण असेल. आणि गोळीबाई बिचाऱ्या माझ्या मागं मागं पुसत फिरतील." त्यांनी तोंडावरून हात फिरवला. "मला जायचं नाही. ते मी तुला आत्ता सांगून ठेवतो, तिथं आल्यावर सांगणार नाही. पण येतो."

लेक त्यांच्या गुडघ्यांशी बसली आणि तिनं मांडीवर डोकं टेकलं. काकांनी तिचे केस चाचपले. केस विरळ झालेत हे त्यांना तेव्हा कळलं. गोळीबाई न्हाणीत गेल्या, नळ सोडला आणि तोंडावर पाणी मारत राहिल्या. माणसाचं भलं करायला जावं आणि आपल्याच हातानं त्याच्या पायाखालची फळी काढावी, याचा राग कुणावर काढायचा ते त्यांना समजेना. शेवटी त्यांनी तो साबणाच्या वडीवर काढला.

मंगळवारी निघायचं ठरलं. मनीप्लांट शिवणकामवालीकडे गेला, कोरफड विमावाल्यांनी स्वतः येऊन मागून नेली. होयाची वेल लेकीकडे नेता येत नव्हती. तिथं तिला हवा मिळाली नसती.

"तुम्ही न्या," काका गोळीबाईंना म्हणाले. "तुमच्या खिडकीत सकाळचं ऊन येतं."

"मला नाही जमायचं. माझ्या हातून मरेल ती."

"नाही मरत. मला एक सांगा, दांड्या राहिल्यात का? ज्याच्यावर कळ्या होत्या त्या. का मी त्यापण ओरबाडल्या?"

गोळीबाई स्टुलावर चढल्या. दूध वाळून दांड्यांच्या टोकांना पांढरी टोपी बसली होती. दांड्या हिरव्या होत्या. "आहेत. दोन्ही आहेत."

"मग त्या कापू नका. ओबडधोबड दिसतात, लोक कापून टाकतात. याला नव्या जागी फूल येत नाही लवकर, त्याच दांडीवर परत येतं. ही वेल दिली तेव्हा बायकांनी बजावून सांगितलं होतं. मी तर फूल बघितलंच नाही, पण हे ध्यानात राहिलं."

"आली तर फोटो..." गोळीबाई म्हणाल्या आणि गप्प झाल्या.

"फोन करा," काका म्हणाले. "वास कसा येतो ते सांगा."

वेल पडद्याच्या दांडीवरून सोडवायला वेळ लागला. ठिकठिकाणी तिनं दांडीला वेटोळी घातली होती आणि काका प्रत्येक वेटोळं बोटांनी उलगडत होते. मोकळी झाल्यावर ती जमिनीवर केवढी तरी पसरली. लेक म्हणाली, मी धरते. काका म्हणाले, नको, तू बॅग बघ.

गोळीबाई कुंडी छातीशी धरून पुढे निघाल्या. काका मागून, वेलीचा लांबलचक शेंडा दोन्ही हातांवर पेलून. जिन्यात उजेड नव्हता. वळणावर गोळीबाईंचा पाय चाचपडला.

"इथं पायरी फुटकी आहे," काका मागून म्हणाले. "भिंतीकडून उतरा. सावकाश, घाई नाही. टोक माझ्या हातात आहे."